शेवटच्या लॅपचं रेकॉर्डिंग

१

रेकॉर्डिंग नव्हतंच.

निरीक्षकांनी तीन नंबरच्या कॉम्प्युटरवरचं फोल्डर उघडलं, बंद केलं आणि पुन्हा उघडलं. कालच्या सरावाच्या क्लिप ओळीनं हजर होत्या. आजच्या शर्यतीची एकही नव्हती. मी त्यांच्या खांद्यामागून वाकून बघत होतो.

हा क्लब माझा. बेकरीच्या डोक्यावर एक लांबट खोली, तिच्यात पाच कॉम्प्युटर, नुसत्या खेळांसाठी बनवलेला एक कन्सोल, प्रत्येकाला जोडलेलं स्टिअरिंग, टेबलाखाली पेडल आणि रस्त्याच्या अंगाला एक गॅलरी. इथे मोटारींच्या शर्यतीचा खेळ खेळतात, दुसरं काही नाही. यापेक्षा मोठे आणि चकचकीत क्लब आहेत, मी नाही म्हणत नाही. पण शिस्त बघायची तर आमच्याकडे यावं. आमच्या प्रत्येक मशीनवर ऑटो-रेकॉर्डिंग कायम चालू असतं. खेळणाऱ्यानं कुठलंही बटण दाबायची गरज नाही. शर्यत सुरू झाली की मशीन आपणहून सगळं टिपत राहतं. त्यातले चांगले लॅप, म्हणजे मार्गाच्या फेऱ्या, मी भिंतीवरच्या मोठ्या पडद्यावर दिवसभर दाखवतो. आमची पोरं काय चीज आहेत ते येणाऱ्याजाणाऱ्याला कळू दे की.

आज निवड फेरी होती. या खेळाचं मंडळ राष्ट्रीय शिबिरासाठी सगळ्या क्लबांमधून एकच खेळाडू घेणार होतं, आणि हे निरीक्षक मंडळाचेच. ज्याचा लॅप सगळ्यात वेगवान, तो जाणार. कालपर्यंत सगळ्यात चांगली वेळ आमच्याच वकिलाच्या नावावर होती. हा काही खरा वकील नाही. वाद घालण्यात कोणाला हार जात नाही म्हणून सगळे त्याला वकील म्हणतात. त्याला आपली वेळ आज आणखी सुधारायची होती, पण पहिल्याच लॅपला त्याची गाडी भिंतीवर आदळून बाद झाली. हेडफोन टेबलावर टाकून तो गॅलरीत गेला. मी पाण्याचा ग्लास घेऊन त्याच्यामागे गेलो, त्याची समजूत काढत उभा राहिलो, आणि शर्यत संपता संपता आत टाळ्यांचा कडकडाट झाला. मुंगी पहिली आली होती आणि शेवटच्या लॅपला तिनं त्याची वेळ मोडली होती.

मुंगी म्हणजे आमची सर्वांत बुटकी खेळाडू. तिला एका जागी स्वस्थ बसलेली कोणी पाहिलेली नाही, म्हणून मुंगी. असा लॅप आपल्या क्लबात झाला आणि आपण गॅलरीत, याची मला चुटपुट लागली. मग म्हटलं, जाऊ दे, रेकॉर्डिंगवर बघू.

आता निरीक्षक सेटिंगच्या पानावर बोट ठेवून म्हणत होते, "हे बघा. रेकॉर्डिंग आज सकाळी बंद केलंय. आपोआप नाही, हातानं."

"कोणी?"

"ते मशीन सांगत नाही. पण बंद करणाऱ्याला काहीतरी लपवायचं असणार. गाडी परस्पर चालवून देणारे चोरटे प्रोग्रॅम मिळतात आजकाल. रेकॉर्डिंग पाहिलं की ते लगेच उघडे पडतात." त्यांनी मुंगीकडे पाहिलं. "लॅप सुरुवातीपासून शेवटपर्यंत सलग दिसला पाहिजे, नाहीतर वेळ धरता येत नाही. आणि रेकॉर्डिंग मुद्दाम बंद केलेलं असेल तर खेळाडूवर बंदी येते. संध्याकाळी मी अहवाल पाठवतोय. तोवर काही सांगण्यासारखं असेल तर सांगा."

"मी बंद केलं नाही," मुंगी म्हणाली. एकदाच म्हणाली. पुन्हा म्हणणं तिला कमीपणाचं वाटलं असावं.

तिच्या डोळ्यांत पाणी नव्हतं, पण ओठ पांढरे पडले होते. ते बघून मी असं काही केलं जे लग्न झाल्यापासून कधी केलं नव्हतं. सासूबाईंना फोन करून मदत मागितली.

२

सासूबाई बुद्धिबळाच्या पंच होत्या. अर्धं आयुष्य त्यांनी समोरासमोर बसलेल्या दोन माणसांच्या मध्ये उभं राहून, कोण खरं खेळतंय आणि कोण बनवतंय हे बघण्यात घालवलं. त्या जवळून गेल्या की भलेभले खेळाडू खिशातले हात बाहेर काढून सरळ बसत. कॉम्प्युटरमधलं त्यांना काही कळत नाही आणि कळतं असा आवही त्या आणत नाहीत. माझं सगळं काम त्यांना पोरखेळ वाटतं असा मला दाट संशय आहे. खुशीत असल्या की मला 'अरे' म्हणतात, नसल्या की 'जावईबापू'.

"जावईबापू," त्या दारातूनच म्हणाल्या, "कोणी कुठे हात लावू नका."

दारावरचा कागद त्यांनी चष्मा वर करून वाचला. शर्यतीच्या दिवशी खेळाडूखेरीज कोणीही मशीनला हात लावू नये, असा मंडळाचा नियम तिथे मीच डकवलेला आहे. मग त्या तीन नंबरपाशी गेल्या. वाटलं, पडदा बघतील. त्या टेबलाखाली वाकल्या आणि माझ्या फोनचा टॉर्च मागून घेतला.

"ही खुर्ची इतकी पुढे कोणी ओढली?"

"मुंगीनं ओढली असेल," मी म्हणालो.

"मी नाही," मुंगी म्हणाली. "मी आले तेव्हा तशीच होती. मला वाटलं, काकांनी ओढली."

मी ओढली नव्हती. सासूबाईंनी स्टिअरिंग हलवून पाहिलं. टेबलाला आवळणारा त्याचा स्क्रू पक्का बसवला होता. बाकीची पाच स्टिअरिंगं त्यांनी एकेक करून हलवली, आणि पाचही थोडीथोडी डुगडुगली. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी छताकडे पाहिलं.

"आणि हे काय?" पेडलांच्या पट्टीखाली रबराचे दोन तुकडे सारून ठेवले होते. कापलेली कड ताजी होती. बाकी कुठल्याच मशीनखाली तसले तुकडे नव्हते.

"सकाळी खोली कोणी उघडली?"

"मीच. मग साहेबांना घ्यायला गेलो. दार उघडंच होतं. आमच्याकडे विश्वासाचं वातावरण आहे, आई."

"दिसतंय. बरं, मला सांगा, रेकॉर्डिंग चालू असलं की मशीनला ओझं होतं का?"

"जुन्या मशीनला होतं थोडंफार. चित्र अडखळतं. आमच्या मशीनला नाही."

मुंगी पायाच्या अंगठ्याकडे बघायला लागली. सासूबाई म्हणाल्या, "बोल, घाबरू नकोस."

"काल सरावात खेळातल्या पुलाजवळ दोनदा अडखळलं होतं, आजी. मी काकांना सांगितलं. ते म्हणाले, आमची मशीन अडखळत नाहीत."

कोपऱ्यात बसलेले निरीक्षक खोकले. माझे कान तापले.

"सकाळी इकडे कोण कोण फिरकलं?"

मी सांगितलं. मुंगी, वकील आणि डबा द्यायला आलेला मुंगीचा दादा.

"आणि तुम्ही," सासूबाई म्हणाल्या. "जावई म्हणून मी सूट देणार नाही."

३

त्यांनी मुंगीला गॅलरीत नेलं. मी दाराला टेकून उभा राहिलो. मला कोणी जा म्हणालं नाही.

"तो लॅप तूच चालवलास?"

"हो."

"मग मला असं काहीतरी सांग, जे चालवणाऱ्यालाच माहीत असेल."

मुंगीनं माझ्याकडे पाहिलं, मग खालच्या रस्त्याकडे. "शेवटचं वळण फार वाईट आहे, आजी. तिथे सगळे ब्रेक दाबतात. मी दाबला नाही. ॲक्सिलरेटरवरून नुसता पाय उचलला, तोही अर्धा. घरी किती दिवस करत होते, जमत नव्हतं. आज पहिल्यांदा जमलं."

"कोणाला सांगितलंस?"

"कोणाला नाही. दादालाही नाही. ते माझं आहे."

"पण खोलीतल्या लोकांना दिसलं असेल की."

"नाही दिसत. ब्रेक आणि ॲक्सिलरेटर किती दाबलाय ते दाखवणारे पट्टे पडद्याच्या कोपऱ्यात येतात, पण मी माझ्या पडद्यावर ते बंद ठेवते. मला समोर रस्ता सोडून काही नको असतं. आणि पाय तर टेबलाखाली."

"म्हणजे तू म्हणतेस ते खरं आहे हे जगात कोणालाच माहीत नाही."

"मला माहीत आहे," मुंगी म्हणाली.

सासूबाईंनी तिच्याकडे ज्या नजरेनं पाहिलं, तसं त्यांनी माझ्याकडे आजवर पाहिलेलं नाही. मला त्या पोरीचा हेवा वाटला आणि अभिमानही वाटला. शेवटी आमच्याच क्लबात घडली आहे ती.

"रेकॉर्डिंग बंद करून तुझा फायदा काय होता?"

"माझा? आजी, मला तो लॅप बघायचा होता. चालवताना काही दिसत नाही. मी तो नुसता चालवलाय, पाहिलेला नाही." इतका वेळ ताठ ठेवलेला तिचा आवाज इथे मात्र फाटला.

४

दादा जिन्यावरच बसला होता. कोपऱ्यावरच्या दुकानात तो कॉम्प्युटर दुरुस्त करतो, आणि त्याच्या बोटांवर तारांना डाग देताना बसलेले बारीक चटके आहेत. आईवडील गेल्यावर मुंगीला त्यानंच वाढवलं.

"मी वर आलोच नाही, आजी," तो विचारायच्या आधीच म्हणाला. "डबा या पायरीवर ठेवला आणि दुकानात गेलो. शर्यतीला परत आलो, तेव्हाही इथेच बसलो. ती खेळते तेव्हा मला आत बसवत नाही."

"ती जिंकेल असं वाटलं होतं?"

"मशीननं साथ दिली तर, असं वाटलं होतं."

"घरी कशावर खेळते?"

त्याचा चेहरा एकदम उजळला. "मी बनवलंय. दुकानातले टाकाऊ भाग जमवून. स्टिअरिंग एका गिऱ्हाइकानं सोडून दिलेलं होतं, ते नीट केलं. पेडलही मीच बसवलेत. हिची उंची ही एवढी, टाच टेकत नाही, म्हणून खाली रबर…"

तो थांबला. जिन्यात बेकरीच्या यंत्राची घरघर तेवढी ऐकू येत होती, आणि दादाच्या कपाळावर घाम दिसायला लागला होता.

"शेवटचं एक विचारते. या क्लबात रेकॉर्डिंग कशासाठी ठेवतात, असं तुम्हाला वाटत होतं?"

"काकांच्या पडद्यासाठी," दादा खालच्या आवाजात म्हणाला. "हौस म्हणून."

वर येताना मी सासूबाईंना गाठलं. "आई, ते रबर याचंच. म्हणजे हाच तो."

"कळलं मला."

"मग साहेबांना सांगूया."

"काय सांगणार? भाऊ कॉम्प्युटरवाला आहे आणि शर्यतीच्या सकाळी त्यानं मशीनला हात लावला, असं? साहेब म्हणतील, मग चोरटा प्रोग्रॅमही यानंच घातला असेल. त्याला तेच कळलंय, म्हणून तो तोंड शिवून बसलाय. कोणी बंद केलं ते सापडून मुलीची वेळ परत येत नाही, जावईबापू. तिचा लॅप सापडला पाहिजे."

"टिपलाच नाही, तो सापडणार कुठून?"

"अजून एक माणूस राहिलाय," त्या म्हणाल्या.

५

वकील गॅलरीत येऊन हाताची घडी घालून उभा राहिला. चांगला मुलगा आहे, पण हरण्याची सवय नाही.

"मी वाद घालतो, आजी, पण कोणाच्या मशीनला हात लावत नाही. माझं मशीन कन्सोल, तिचा कॉम्प्युटर खोलीच्या दुसऱ्या टोकाला. मी तिकडे गेलोच नाही."

"मी तसं म्हटलंच नाही. तुम्ही दोघं एकाच शर्यतीत होतात. तुझ्या कन्सोलनं काही टिपलं असेल, एवढंच विचारायचं होतं."

"नाही. माझंही ऑटो-रेकॉर्डिंग मी सकाळीच बंद केलं होतं. मला असलं काही मागे चालू असलेलं खपत नाही. आणि चालू असतं तरी काय दिसणार? माझी गाडी पहिल्या लॅपलाच गेली."

"तिची वेळ रद्द झाली तर शिबिराला कोण जाईल?"

"मी. त्यात माझा काय दोष? नियम मी केलेले नाहीत. तिनं सिद्ध करावं."

"तिनं फसवलं असं म्हणतोस?"

वकिलाची मान लाल झाली. "तसं मी म्हटलेलं नाही. ती फसवणारी नाही."

"मग नशिबानं लागला असेल एखादा लॅप," सासूबाई गॅलरीच्या कठड्यावरची धूळ झटकत सहज म्हणाल्या. "तू बाद झालास, रस्ता मोकळा मिळाला. होतं असं. पटावरही होतं."

"नशिबानं?" वकील उसळला. "नशिबानं ते शेवटचं वळण ब्रेकशिवाय निघत नाही, आजी. वर्षभर मी करून बघतोय, दर वेळी गाडी फिरते. नुसता पाय उचलायचा, तोही पूर्ण नाही, अर्धाच, आणि तिथे धरून ठेवायचा. असं कोणी करू शकतं हेच मला…"

त्याला आपला आवाज ऐकू आला असावा. त्यानं हाताची घडी सोडली आणि पुन्हा घातली.

"जा बाळा, आत बस," सासूबाई म्हणाल्या.

६

"या कन्सोलचं रेकॉर्डिंग बंद करून दाखवा," त्यांनी मला सांगितलं.

मी दिमाखात बसलो. सेटिंग उघडलं, त्याच्या आत गेलो, त्याच्याही आत गेलो. रेकॉर्डिंग किती लांबीचं ठेवायचं ते कमी करता येत होतं. चित्र हलक्या प्रतीचं करता येत होतं. आपला आवाज त्यातून काढून टाकता येत होता. बंद करायचं बटण मात्र कुठेच नव्हतं.

"कॉम्प्युटरवर आहे," मी घसा साफ करत म्हणालो. "तिथे एका खटक्यात बंद होतं. यात दिसत नाही. मला कधी बंद करावंसं वाटलंच नाही, आई, त्यामुळे कधी शोधलं नाही."

"म्हणजे हा कन्सोल टिपतोच. कोणी काही म्हणो."

"टिपतोच. पण जपून ठेवत नाही. पुढची शर्यत सुरू झाली की मागचं आपोआप पुसलं जातं. ठेवायचं असेल तर त्याआधी बटण दाबून आपल्या खात्यात साठवावं लागतं. आणि यावर नंतर दुसऱ्या गटाची शर्यत झाली."

"गाडी बाद झाल्यावर पडद्यावर काय दिसतं?"

"जी गाडी सगळ्यात पुढे असेल ती. कन्सोल आपणच तिच्यामागे लागतो, शर्यत संपेपर्यंत."

"कोपऱ्यातल्या त्या पट्ट्यांसकट?"

मी खुर्चीतून उठलोच. "पट्ट्यांसकट, आई."

"हं." त्यांनी चष्मा पुसला. "अरे, साहेबांना बोलव. सगळ्यांनाच बोलव."

साठवलेलं असलंच तर ते वकिलाच्या खात्यात होतं, पासवर्ड त्याच्याकडे होता, आणि ते पुसायला त्याला आख्खी दुपार मिळाली होती. हे सगळं माझ्या मनात आलं, पण त्यांनी मला 'अरे' म्हटलं होतं, म्हणून मी गप्प राहिलो.

७

सासूबाई खोलीच्या मधोमध उभ्या राहिल्या. दोन्ही बाजूंना खेळाडू असताना उभं राहायची त्यांची जुनी पद्धत असावी; हात मागे, हनुवटी वर.

"साहेब, रेकॉर्डिंग बंद करणारा काहीतरी लपवायला आला होता, असं तुम्ही म्हणालात. मी टेबलाखाली पाहिलं. त्या माणसानं स्टिअरिंगचा स्क्रू आवळला. खुर्ची बुटक्या माणसाला पुरेल इतकी पुढे ओढली. पेडलाखाली रबर घातलं, टाच टेकावी म्हणून. वाईट करायला आलेला माणूस एवढं करत नाही. काल मशीन अडखळलं होतं, म्हणून त्यानं त्याच्यावरचं ओझं उतरवलं. रेकॉर्डिंग त्या ओझ्यातलंच एक. मंडळाला ते लागतं हे त्याला ठाऊक नव्हतं. या पडद्यावर दिवसभर क्लिप बघून त्याला वाटलं, ती मालकाची हौस आहे. मुलीची टाच टेकत नाही हे तिच्या घरच्यालाच माहीत."

दादा उठून उभा राहिला. "मीच केलं. नियम मोडला हे नंतर दारावर वाचलं. मी बोललो असतो तर सगळ्यांना वाटलं असतं, मी काहीतरी घातलं मशीनमध्ये. शपथेवर सांगतो, मी काही घातलेलं नाही."

मुंगी त्याच्याकडे बघत राहिली. तिला राग आला होता की रडू, ते मला समजलं नाही.

"ते खरं की खोटं, हे लॅप बघितल्यावर कळेल," सासूबाई म्हणाल्या आणि वकिलाकडे वळल्या. "तिनं शेवटच्या वळणाला ब्रेक दाबला नाही, नुसता अर्धा पाय उचलला. हे तिनं फक्त मला सांगितलं, माझ्या जावयासमोर. तिच्या पडद्यावर ते दिसत नव्हतं. टाळ्या पडल्या तेव्हा तू गॅलरीत होतास, पाण्याचा ग्लास हातात घेऊन. त्यालाही माझा जावई साक्षी आहे. तरी तुला ते माहीत आहे. तुझ्या कन्सोलचं रेकॉर्डिंग बंद करता येतच नाही, हे आम्ही आत्ता बघितलं. तू परत येऊन जागेवर बसलास, काय टिपलं गेलंय ते पाहिलंस आणि पुढची शर्यत सुरू व्हायच्या आत साठवलंस. अर्धा पाय एका नजरेत दिसत नाही. तू तो लॅप पुन्हा पुन्हा पाहिलायस."

"मी कोणाचं काही बिघडवलेलं नाही," वकील म्हणाला. "मी काहीच केलं नाही."

"खरं आहे. एक मुलगी चोर ठरत होती आणि तू काहीच केलं नाहीस. पण मला दुसरंच विचारायचंय. दुपारभर वेळ होता. तू तो पुसला का नाहीस?"

वकिलानं मान खाली घातली. तो बूट घासत राहिला. शेवटी म्हणाला, "दोनदा पुसायला गेलो. असा लॅप पुन्हा बघायला मिळणार नाही, आजी. हात झाला नाही."

तो कन्सोलपाशी गेला, खातं उघडलं आणि बाजूला झाला.

आम्ही सगळ्यांनी तो लॅप मोठ्या पडद्यावर पाहिला. लाल गाडी, मागे मागे पळणारा कन्सोल, कोपऱ्यात हलणारे पट्टे. निरीक्षक खुर्चीच्या काठावर आले होते. पट्टे माणसाचे होते. एका वळणाला ब्रेक जरा उशिरा, दुसऱ्याला जरा जास्त, मग सावरलेलं. कुठलाही प्रोग्रॅम असा चालवत नाही, ते स्वतःच पुटपुटले. शेवटच्या वळणाला ब्रेकचा पट्टा हललाच नाही. दुसरा, ॲक्सिलरेटरचा पट्टा अर्ध्यावर आला, तिथे थरथरत राहिला आणि पुन्हा भरला. मुंगी तोंडावर हात ठेवून स्वतःचा लॅप बघत होती.

"सलग आहे आणि स्वच्छ आहे," निरीक्षक म्हणाले. "मशीनला दुसऱ्यानं हात लावला, त्याची ताकीद क्लबाला. खेळाडूला ते माहीत नव्हतं. वेळ धरायला माझी हरकत नाही." त्यांनी पेन काढलं.

"थांबा," मुंगी म्हणाली.

ती दादासमोर जाऊन उभी राहिली. त्याच्या खांद्यालाही लागत नव्हती. "तुला वाटलं, मशीन हलकं केलं नाही तर मला जमणार नाही."

"तसं नाही गं."

"तसंच आहे." मग ती निरीक्षकांकडे वळली. "साहेब, ही वेळ लिहू नका. मी परत चालवते. याच मशीनवर, रेकॉर्डिंग चालू ठेवून. जी वेळ येईल ती लिहा."

"अगं, आलेली वेळ हातची जाईल," मी म्हणालो. "हे मशीन अडखळतं." बोलून गेल्यावर मला कळलं, मी काय कबूल केलं ते. कोणी हसलं नाही.

निरीक्षकांनी सासूबाईंकडे पाहिलं. सासूबाई म्हणाल्या, "खेळाडूचा हक्क आहे," आणि तिच्या खुर्चीमागून दोन पावलं मागे सरकल्या.

मुंगीनं स्वतः रेकॉर्डिंग चालू केलं. रबराचे तुकडे काढून दादाच्या हातात दिले. खुर्चीच्या काठावर येऊन, टाचा अधांतरी ठेवून तिनं चालवलं. दुसऱ्या लॅपला पुलाजवळ चित्र अडखळलं, गाडी डावीकडे सरकली, तिनं ती ओढून आणली. वकिलानं डोळे मिटले. दादानं दोन्ही हात काखेत घट्ट दाबून धरले होते. शेवटच्या लॅपला मशीन पुलाजवळच पुन्हा एकदा गचकलं, तरी शेवटच्या वळणाला तिनं ब्रेक दाबला नाही.

वेळ पडद्यावर आली. सकाळच्या तिच्या वेळेइतकी चांगली नव्हती. वकिलाच्या वेळेपेक्षा मात्र केसभर सरस होती.

"पुलाजवळ मशीन दोनदा अडखळलं," वकील निरीक्षकांना म्हणाला. "ते अहवालात लिहा. का लिहायचं नाही? तसं नसतं तर हिनं सकाळची वेळही मोडली असती. लिहा, साहेब, मी सोडणार नाही." शिबिराची जागा त्याच्या हातून गेली होती, आणि तो तिच्या बाजूनं भांडत होता.

निरीक्षकांनी लिहिलं. सासूबाईंनी मुंगीचा हात हातात घेतला, एरवी डाव संपल्यावर घेतात तसा, आणि बराच वेळ सोडला नाही. मला तिथेच उभ्या उभ्या भरून आलं. क्लबाला ताकीद मिळाली त्याच दिवशी मी माझ्या क्लबाचा सगळ्यात जास्त अभिमान वाटून घेतला, याला काय म्हणायचं ते म्हणा.

दादा कोणाशी काही न बोलता जिना उतरून गेला. मुंगी दाराकडे बघत राहिली. मला वाटलं, दुखावला असेल. मग गॅलरीतून खालचा आवाज वर आला. बेकरीसमोर पाव घ्यायला उभ्या असलेल्या अनोळखी माणसांना तो मोठमोठ्यानं सांगत होता, "वर आत्ता जी खेळली ना, ती माझी बहीण. एकटीनं केलं. मी हातसुद्धा लावला नव्हता."